माळवदाचा जमाखर्च

‘डागडुजी’ हा शब्द कानाला मोठा गरीब लागतो. परंतु ज्याने एकदा त्यास घरात घेतले, त्याला त्याचे खरे स्वरूप कळावयास आठ दिवस पुरतात. एक फरशी हलली, एका कोपऱ्यात ओल आली, एका खणात पाणी ठिबकू लागले, एवढ्या निमित्ताने तो उंबऱ्याच्या आत येतो आणि मग घरातील प्रत्येक भिंतीला आपापली जुनी दुःखे आठवू लागतात. लग्न आणि घर यांची सांगड घालणारी एक म्हण आपल्याकडे सर्वांच्या तोंडी आहे. तिच्या कर्त्याने नवे घर बांधणाऱ्याचाच काय तो विचार केला. जुने घर दुरुस्त करणाऱ्याची कणव त्यास आलेली दिसत नाही. नवे घर बांधणाऱ्यापुढे निदान मोकळी जमीन तरी असते. जुन्या घरात मात्र आजोबांनी काय बांधले, वडिलांनी काय झाकले आणि वाळवीने काय खाल्ले, या तिन्ही गोष्टी भिंत उकरल्यावाचून कळत नाहीत. आणि अंदाजपत्रक तर भिंत उकरण्यापूर्वीच करावे लागते.

आमचे घर अंबाजोगाईच्या जुन्या वस्तीत आहे आणि त्याला माळवद आहे. मराठवाड्याबाहेरील वाचकांकरिता माळवद म्हणजे काय हे थोडे सांगणे अवश्य आहे. दगड-मातीच्या रुंद भिंती, त्यांच्या आत सागवानी खांब, खांबांवर तुळया, तुळयांवर आडव्या कड्या, कड्यांवर लाकडी चिपांचा दाट थर आणि सर्वांत वर चांगली चोपून बसविलेली पांढरी माती, अशी ही रचना असते. वैशाखातील उन्हात या छताखाली जो गारवा असतो, तो आमच्या पुण्यातील आप्तांस यंत्राचे बिल भरूनही मिळत नाही. त्याच माळवदावर पापड वाळतात, तेथेच उन्हाळ्याच्या रात्री अंथरुणे पडतात आणि शेजारच्या माळवदावरील मंडळींशी जगाच्या राजकारणाचा निकालही तेथेच लागतो. याची उस्तवार म्हणजे दरवर्षी पावसाळ्यापूर्वी वर चार पाट्या माती टाकून ती धोपटणे, एवढीच. पूर्वजांनी ती निष्ठेने केली. दरवर्षी माती घातली; परंतु जुनी माती काढावी असे मात्र तीन पिढ्यांत कोणाच्या मनात आले नाही.

या मातीचा हिशेब शाळेतील मुलासही करता येण्याजोगा आहे. आपल्याकडे वाळू, खडी, माती ब्रासने मोजतात आणि एक ब्रास म्हणजे शंभर घनफूट. दहा फूट लांब व दहा फूट रुंद खोलीवर एक फूट जाडीचा थर असला, म्हणजे बरोबर एक ब्रास माती झाली; तिचे वजन साडेचार टनांच्या आसपास भरते. आमचे माजघर व मातोश्रींची निजावयाची खोली मिळून २२५ चौरस फूट होतात. मिस्त्रींनी वरून लोखंडी सळई खुपसून पाहिली, तेव्हा मातीचा थर सोळा इंच निघाला. म्हणजे तीन ब्रास. म्हणजे साडेतेरा टन. चौऱ्याऐंशी वर्षांची आमची आई रोज रात्री साडेतेरा टन मातीखाली निजत होती आणि त्या मातीत पावसाचे पाणी मुरत होते.

३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीस जे झाले ते या भागातील चाळिशीपुढच्या कोणालाही सांगावे लागत नाही. लातूर आणि तेव्हाचा उस्मानाबाद, आताचा धाराशिव, या दोन जिल्ह्यांत हजारो माणसे गेली. ती भूकंपाने गेली असे आपण म्हणतो. परंतु त्यांतील बहुतेकांस प्रत्यक्ष मारले ते त्यांच्याच घरांनी. मातीत रचलेल्या गोट्यांच्या भिंती फाटल्या आणि वरचे पिढ्यांचे ओझे निजलेल्या माणसांवर आले. त्यानंतर जागतिक बँकेच्या साह्याने नवी गावे वसली आणि जी घरे उभी राहिली होती त्यांची दुरुस्ती व बळकटीही झाली. माती उतरवून छत हलके करणे हा त्या बळकटीतील पहिल्या धड्यांपैकी एक होता. तो धडा आमच्या गल्लीपर्यंत यावयास बत्तीस वर्षे लागली, कारण आमच्या गल्लीतील एकही घर त्या पहाटे पडले नाही.

माती उतरविली पाहिजे याविषयी घरात मतभेद नव्हता. मतभेद होता तो त्याच्या पुढचा. पुण्यास असणाऱ्या आमच्या धाकट्या बंधूंनी दूरध्वनीवर सांगितले, “दादा, दुरुस्तीच्या भानगडीत पडूच नका. सगळं पाडा आणि स्लॅब घाला. एकदाच काय तो खर्च.” ‘एकदाच काय तो खर्च’ हे वाक्य ऐकले की आम्हांस भीती वाटते. खर्च ही काही देवीची लस नव्हे, की एकदा टोचून घेतली आणि जन्माची काळजी मिटली. आम्ही चौकशी केली, तेव्हा नव्या बांधकामास आमच्याकडे दर चौरस फुटास अठराशे रुपये सांगण्यात आले. नऊशे चौरस फुटांचे सोळा लाख वीस हजार झाले; पाडकाम, राडारोडा आणि वर्षभराचे भाडे वेगळेच. मुलीच्या शिक्षणास हात न लावता आमच्यापाशी जे होते ते सहा लाख. दहा लाखांचे कर्ज मिळाले असते. आमच्या वयाच्या पगारदार माणसास कर्ज देण्यास बँका उत्सुक असतात. ते निवृत्तीनंतर कोणी फेडावयाचे एवढाच प्रश्न होता, आणि त्याचे उत्तर बँकेकडे मागण्यात अर्थ नव्हता.

मग मिस्त्रींना बोलाविले. मिस्त्री गुणी मनुष्य. त्यांनी छताकडे पाहिले, काठीने दोन ठिकाणी ठोकले, तंबाखूची चिमूट ओठाखाली ठेवली आणि म्हणाले, “सर, चारात बसवू की. लई विचार करू नका.” ‘चारात’ ही सप्तमी आहे. व्याकरणात सप्तमीने अधिकरण, म्हणजे राहण्याचे ठिकाण, दाखविले जाते. आणि दुरुस्तीचा खर्च त्या ठिकाणी राहिल्याचे आम्ही कोणाच्याही घरी पाहिलेले नाही. तत्रापि मिस्त्री खोटे बोलत होते असे नाही. त्यांच्या चार लाखांत त्यांची मजुरी होती, लोखंडी गर्डर होते, त्यांवर टाकावयाची शहाबादी फरशी होती, कोब्याचे सिमेंट आणि वाळू होती. ज्या कामावर त्यांचा हात फिरावयाचा ते सारे त्यात होते. उतरलेली माती गावाबाहेर नेण्याचे भाडे, विजेच्या तारा, पन्हाळी, बाथरूमची पाइपलाइन, नव्या चौकटी, पाणी आणि शेजाऱ्यांशी सामाईक असलेली भिंत, या गोष्टी त्यांच्या लेखी घरमालकाच्या होत्या. आम्ही दोघांनी ओसरीवर बसून एकेक कलम कागदावर घेतले. सायंकाळपर्यंत चाराचे पाच लाख नव्वद हजार झाले. मिस्त्रींनी कागद उलटसुलट करून पाहिला आणि “म्हंजी माझा हिशेब बरोबरच हाय, तुमचा जास्तीचा हाय,” असा निर्णय दिला. तो आम्हांस सर्वस्वी मान्य आहे.

मजुरीच्या दराची घासाघीस हा आपल्याकडे शरमेचा विषय समजला जातो. तो तसा नाही. भास्कराचार्यांनी ११५० साली ‘लीलावती’ रचली, तीत विटांच्या रचीचे गणित आहे, खोदाईचे आहे आणि लाकूड करवतून काढण्याचेही आहे. या आचार्यांचे विज्जडवीड म्हणजेच आमचे बीड असे म्हणणारे आहेत आणि ते न मानणारेही पुष्कळ आहेत. त्या वादात आम्ही पडत नाही. परंतु घनफळाचे नियम काट्याच्या तोलाने सांगणाऱ्या त्या गणिताने मजुरीपाशी आल्यावर मात्र नियम सांगितलेला नाही. माल मऊ की कठीण हे पाहून कारागिराशी ठरेल ते मोल, असे सांगून त्याने तो प्रश्न मोकळा सोडला आहे. एवढ्या मोठ्या बुद्धीने जेथे हात जोडले, तेथे प्रती चौरस फुटाचा ठरीव दर छापून देणाऱ्यांचे आम्हांस कौतुक वाटते.

आमच्या उपयोगी पडले ते दुसरेच एक पुस्तक. इसवी सनापूर्वी पहिल्या शतकातील रोमन वास्तुकार विट्रुवियस याने आपल्या ग्रंथाच्या दहाव्या भागाच्या आरंभी इफिसस नगरातील एक जुना कायदा सांगितला आहे. तेथे सार्वजनिक काम अंगावर घेणाऱ्या वास्तुकाराने खर्चाचा आकडा आधी द्यावयाचा आणि काम पुरे होईपर्यंत त्याची मालमत्ता अधिकाऱ्यांपाशी तारण राहावयाची. खर्च आकड्याप्रमाणे झाला तर त्याचा सन्मान होई. चौथाईपर्यंत वाढला तर वाढ सरकारी खजिन्यातून भरीत आणि त्यास दोष देत नसत. चौथाईच्या पलीकडे गेला, की पुढचे पैसे त्याच्या मालमत्तेतून वसूल होत. असा कायदा रोमात, आणि खासगी घरांनाही, असता तर किती बरे झाले असते, असे विट्रुवियस म्हणतो. मिस्त्रींची मालमत्ता तारण घेण्याचा आमचा विचार नव्हता, कारण ती म्हणजे एक मोटरसायकल आणि दोन थापी. आम्हांस त्या कायद्यात आवडली ती चौथाई. प्रामाणिक अंदाजही चौथाईने चुकतो हे त्या शहाण्या नगराने मान्य केले होते. आणि चौथाई या शब्दाशी मराठी माणसाचे नाते जुने आहे; आपण ती दुसऱ्यांकडून वसूल केली, आता घराने ती आपल्याकडून वसूल करावी यात अन्याय कोणता?

याचा अर्थ असा, की सहा लाख जवळ असणाऱ्याने सहा लाखांचे काम काढू नये. त्याने ते चार लाख ऐंशी हजारांचे काढावे. त्याची चौथाई एक लाख वीस हजार होते आणि दोन्ही मिळून सहा पुरे होतात. आम्ही एक लाख वीस हजार दुसऱ्या खात्यात टाकले आणि त्याचे पासबुक सौभाग्यवतींच्या स्वाधीन केले. त्या त्यास ‘तुमच्या इफिसशीची वही’ म्हणतात. इफिसस हे नगर आहे, बाई नव्हे, हे आम्ही त्यांस दोनदा सांगितले.

अंदाजाची ही चौथाई किती माफक आहे हे आमच्या जिल्ह्यास वेगळे सांगावयास नको. अहमदनगर-बीड-परळी हा सुमारे २६१ किलोमीटरचा लोहमार्ग १९९५ साली मंजूर झाला, तेव्हा त्याचा खर्च सुमारे ३५३ कोटी धरला होता. पुढे तो चार हजार कोटींच्याही पलीकडे गेला, आणि बीडच्या फलाटावर पहिली गाडी आली ती १७ सप्टेंबर २०२५ रोजी. तीस वर्षांत सिमेंट महागले, जमीन महागली हे खरेच; परंतु थोडे थोडे पैसे देऊन काम रेंगाळत ठेवणे हा खर्च वाढविण्याचा सर्वांत खात्रीचा मार्ग आहे, हेही तितकेच खरे. घराच्या कामातही ‘यंदा अर्धे, पुढल्या वर्षी अर्धे’ म्हणणारा मनुष्य मचाणाचे, गाडीभाड्याचे आणि राडारोड्याचे पैसे दोनदा देतो.

आता पाच नव्वदाचे चार ऐंशी करावयाचे, म्हणजे एक लाख दहा हजारांची कात्री लावावयाची होती. कागदावर चार कलमे अशी होती, की ज्यांस हात लावता येईल. दर्शनी भिंतीस दगडी फरशांचा मुलामा व नवे फाटक, यांचे पंचावन्न हजार. ओसरीच्या फरशीचे तीस. स्वयंपाकघरातील नक्षीच्या छताचे पंचवीस. आणि मातोश्रींच्या खोलीस लागून काढावयाच्या बाथरूमचे सत्तर.

हे शेवटचे कलम जरा उलगडून सांगितले पाहिजे. आमच्या घराची न्हाणी व शौचालय परसात आहे. तेथे जाण्यास दोन उंच उंबरे, तीन पायऱ्या आणि वीस पावलांचे अंगण ओलांडावे लागते. जुन्या घरांची शुद्धाशुद्धतेची कल्पना दगडात बांधलेली असे आणि तरुण पायांना तिचा त्रास होत नसे. आई रात्रीतून तीनदा उठते. मागल्या पावसाळ्यात ती दुसऱ्या पायरीवर घसरली. हाड मोडले नाही, पण त्यानंतर तिने संध्याकाळी पाणी पिणेच सोडले. तक्रार केली नाही. डॉक्टरांनी विचारले तेव्हा हे कळले.

बंधूंचे म्हणणे पडले, की बाथरूम पुढच्या वर्षी करावे. तूर्त दर्शनी बाजू करून घ्यावी, कारण आमच्या मुलीचे लग्न आज ना उद्या निघेल आणि पाहणारी माणसे प्रथम घराचे तोंड पाहतात. हे म्हणणे आम्ही वाटते तितके उथळ समजत नाही. मध्यमवर्गाचे घर हे निम्मे राहण्याकरिता आणि निम्मे दिसण्याकरिताच असते. ज्या गावात तीन पिढ्या लोक आपणांस ओळखतात, तेथे पोपडे उडालेली भिंत म्हणजे कुटुंबाच्या पडत्या काळाची जाहिरात ठरते. आम्ही दोन दिवस काहीच बोललो नाही. तिसऱ्या दिवशी सौभाग्यवती पोळ्या लाटता लाटता म्हणाल्या, “अहो, पाहुणे दिवसा येतात. सासूबाई रात्री उठतात.” त्यानंतर दर्शनी भिंत, ओसरी आणि नक्षीचे छत, तिन्ही कलमांवर रेघ ओढण्यास आम्हांस एक मिनिट लागले. पंचावन्न, तीस आणि पंचवीस: बरोबर एक लाख दहा. मातोश्रींस विचारले, तेव्हा त्या मिस्त्रींना म्हणाल्या, “लेकरा, मला रात्रीचं परसात जायला लागू नये एवढं बघ. आणि देवळीला हात लावू नको.”

बीड शहराच्या दक्षिणेस खजाना विहीर आहे. अहमदनगरच्या निजामशाहीतील सलाबतखानाने सोळाव्या शतकाच्या अखेरीस ती बांधविली. खजिन्याचा पैसा तिच्यात खर्ची पडला म्हणून तिला हे नाव पडले असे लोक सांगतात. कथा खरी असो वा नसो, त्या पैशाचा वाडा झाला असता तर आज त्याची चौकटही जागेवर नसती. विहीर जमिनीच्या पोटात असल्यामुळे दुरून दिसतही नाही आणि दुष्काळात तिचेच नाव निघते. आमच्या रेघा योग्य ठिकाणी पडल्या आहेत असे त्या सुमारास आम्हांस वाटले, ते काही अंशी या विहिरीमुळे.

पैसा किती हा जसा प्रश्न आहे तसाच तो कोठे आहे हाही आहे. आमचे एक निवृत्त सहकारी आमच्याहून कितीतरी हिशेबी. त्यांनी माडीचा नकाशा केला, मालाची यादी केली, चौथाईहूनही अधिक शिल्लक धरली. ती रक्कम त्यांनी दोन टक्के जास्त व्याज मिळते म्हणून एका पतसंस्थेत ठेविली होती. गेल्या दोन-तीन वर्षांत आमच्या जिल्ह्यात अशा ठेवी अडकलेली कुटुंबे इतकी झाली, की त्यांच्या हकीकती आता कोणी कुतूहलाने ऐकतही नाही. सहकाऱ्यांच्या घरावर खांबांच्या सळया तशाच आकाशाकडे तोंड करून उभ्या आहेत. गंजू नयेत म्हणून त्यांनी त्यांस सिमेंटचा पातळ लेप दिला आहे. तेवढे काम ते स्वतः वर चढून करतात.

कामाची वेळ ही तर आमच्याकडे खर्चाइतकीच महत्त्वाची बाब. बीड हा ऊसतोड कामगारांचा जिल्हा. दसरा-दिवाळी झाली की मुकादमाची उचल घेतलेली जोडपी पश्चिम महाराष्ट्राकडे व कर्नाटकाकडे निघतात. मिस्त्रीच्या हाताखालचे बिगारीही त्यांतच असतात. ती परततात पाडव्याच्या आगेमागे. मृग लागला की छत उघडे ठेवता येत नाही. म्हणजे पाडवा ते मृग हे दोन-सव्वादोन महिनेच काय ते हाती. आणि नेमक्या त्याच दिवसांत पाणी नसते. छतावरच्या कोब्यास वाफे करून आठ-दहा दिवस पाणी साठवून ठेवावे लागते. एरवी त्यास भेगा पडतात आणि सारा खर्च त्या भेगांतून खाली उतरतो. कोकणातल्या माणसास अंदाजपत्रकात पाण्याचे कलम पाहून हसू येईल. आमच्याकडे २०१६ साली शेजारच्या लातुरास आगगाडीने पाणी आणावे लागले होते. त्या वर्षी सिमेंट घरात पडून होते आणि काम बंद, असे कितीतरी जणांचे झाले.

उचल हा शब्द मिस्त्रींनीही पहिल्याच दिवशी काढला. बिगाऱ्यांची जोडपी बांधून ठेवावयाची तर त्यांस आधी काही द्यावे लागते, हे खरे होते. आम्ही थोडी रक्कम आगाऊ दिली आणि बाकीची कामाच्या टप्प्यांवर ठरविली: माती उतरून गर्डर बसले की इतके, फरशी-कोबा झाला की इतके, बाथरूममध्ये पाणी वाहू लागले की उरलेले. ही युक्ती आमची नव्हे. सरकारी घरकुलाची आहे. त्या योजनेत जोते झाल्यावाचून पुढचा हप्ता सुटत नाही. ती रीत चांगली आहे. रकमेविषयी मात्र तसे म्हणवत नाही. २०१६ साली योजना सुरू झाली तेव्हा मैदानी मुलखातील घरास एक लाख वीस हजार आणि किमान पंचवीस चौरस मीटर जागा असे प्रमाण होते. म्हणजे चौरस फुटास साडेचारशेच्या आत. राज्याने पुढे त्यात भर घालण्याचे जाहीर केले. रोजगार हमीची मजुरी आणि शौचालयाचे बारा हजार निराळे. पण बाजारात दर अठराशेचा असताना उरलेली तूट जी भरून काढतात ती माणसे कोयत्यावरून आलेली असतात. आमच्या मिस्त्रींच्या हाताखालचे जोडपे दिवसा आमच्या माळवदाची माती उतरवी आणि आपल्या वाडीतल्या घरकुलाचा दुसरा हप्ता केव्हा येईल हे जेवणाच्या सुट्टीत आम्हांस विचारी. पुढे हप्ता आला. त्या बाईने सांगितले, की त्यांनी खोली लहान केली, पण छत सपाट धरले, पुढे वर चढविता यावे म्हणून. हिशेबाची ही दृष्टी आम्ही कोठल्याही पुस्तकात वाचलेली नाही.

२०२५ च्या पाडव्यानंतर तिसऱ्या दिवशी माळवद उघडले. चौथाई कशाकरिता असते ते त्याच सायंकाळी कळले. मातोश्रींच्या खोलीवरची तुळई खालून काळी कुळकुळीत आणि धडधाकट दिसत होती. वरून पाहिली तर वाळवीने ती आतून पोखरून नळीसारखी केली होती. मिस्त्रींनी तीत हात घालून मूठभर भुसा काढला आणि काही न बोलता आमच्या हातावर ठेवला. त्या एका तुळईचे आणि तिच्याखालच्या दोन खांबांचे शेहेचाळीस हजार गेले. शेजाऱ्यांबरोबरच्या सामाईक भिंतीत आमच्या वाट्याचे पंचवीस हजार गेले. शेजारी भला मनुष्य, त्याने आपला वाटा न मागता दिला. टँकर आणि साठवणीच्या टाक्या यांत चौदा हजार. एकूण पंच्याऐंशी हजार ‘इफिसशीच्या वही’तून निघाले आणि कोणाचेही तोंड उतरले नाही, कारण ते पैसे निघावयाचेच होते. दरम्यान जुने सागवान घेणारा एक व्यापारी दोनदा येऊन गेला. आमच्या ओसरीवरचे चार नक्षीचे खांब काढून दिल्यास तो जी रक्कम देत होता, तीत दर्शनी भिंत सहज झाली असती. खांब जागेवर आहेत. उतरलेल्या कड्यांपैकी धडक्या निघाल्या, त्यांची बाथरूमची चौकट झाली.

त्या वर्षी पावसाने मृगाचीही वाट पाहिली नाही. मे महिन्यातच तो मुक्कामास आला. छत मिटून बारा दिवस झाले होते. पुढे २२ सप्टेंबरपासून सिमेंटवरील कर अठ्ठावीस टक्क्यांवरून अठरावर आला, तेव्हा बंधूंनी पुण्याहून आठवणीने कळविले, की सहा महिने थांबता तर वाचले असते. आम्ही मांडून पाहिले. तीनशे रुपये मूळ किमतीच्या पोत्यामागे तीस रुपये, आम्हांस लागली साठ पोती, म्हणजे अठराशे. त्याच सप्टेंबरात मराठवाड्यात जो पाऊस झाला तो सर्वांस ठाऊक आहे. गोदाकाठची आणि सिंदफणेकाठची शेते वाहून गेली, गावोगाव मातीच्या भिंती बसल्या. आमच्या गल्लीतही दोन माळवदे खाली आली, सुदैवाने दिवसा. साडेतेरा टन कोरड्या मातीचे ओल्यात किती टन होतात, हा हिशेब आम्ही बंधूंस पाठविला नाही.

सत्तर हजारांच्या बाथरूमला उंबरा नाही. दाराची रुंदी पुढेमागे चाकांची खुर्ची जाईल एवढी ठेविली आहे. भिंतीला धरावयास दोन दांड्या आहेत, फरशी खरबरीत आहे आणि रात्रभर एक मिणमिणता दिवा जळतो. त्याच्या विजेवरून मातोश्रींनी आम्हांस उधळे ठरविले आहे. त्या आता संध्याकाळी ताक पितात.

पाहुणे येतात आणि पोपडे उडालेल्या दर्शनी भिंतीकडे पाहून “काम अजून चालू आहे वाटतं?” असे विचारतात. आम्ही होय म्हणतो. वहीत पस्तीस हजार शिल्लक आहेत. मिस्त्री परवा येऊन ओसरी पाहून गेले. “सर, पंचवीसात बसवू,” म्हणाले. आम्ही सव्वाएकतीस हजार लिहून ठेविले आहेत, पाडव्यानंतर बघू.